शालनआत्याची ऑगस्टा

आमच्या अजमानच्या घरी शालनआत्या आली ती स्वतःचा कुकर बरोबर घेऊन. आईने विमानतळावरच बॅग उचलून पाहिली आणि विचारलं, "वन्सं, आत दगड भरलेत का?" आमच्या घरात कुकरला तोटा नव्हता, पण आत्याचं म्हणणं असं, की परक्या कुकरच्या शिट्टीवर तिला लिहिता येत नाही. आम्हाला ती थट्टा वाटली. आठवड्याभरात कळलं, की बाई खरं बोलत होती. बाबा शारजाच्या फॅक्टरीत आणि आई बर दुबईच्या क्लिनिकमध्ये निघून गेली, की आत्या डाळ-तांदूळ लावायची, ओट्याशी स्टूल ओढायची आणि कुकर गार होईपर्यंत एक अख्खा प्रसंग लिहून मोकळी व्हायची. मुंबईत कित्येक वर्षं तिने असंच लिहिलं होतं. रोज संध्याकाळी घराघरांत लागणाऱ्या मालिकांचे संवाद. कुठली मालिका विचारलं तर ती नाव सांगायची आणि समोरचा म्हणायचा, "अरे वा, ती तुम्ही लिहिलीत?" मग आत्या म्हणायची, "मीही लिहिली." त्या 'ही'मध्ये सगळं आलं. तिचं नाव भागाच्या शेवटी, चहा-कपडेवाल्यांच्या नावांबरोबर, वाचता येणार नाही इतक्या वेगाने वर सरकून जायचं.

ते घर आजही डोळे मिटले की जसंच्या तसं दिसतं. समोरच्या इमारतीच्या भिंतीवर उघडणारी खिडकी, दिवसभर घरघरणारा एसी, लिफ्टमधली अरबीतून दरवाजा बंद होत असल्याचं सांगणारी बाई, आणि खालच्या मल्याळी कुटुंबाकडून येणारा खोबरेल तेलाच्या फोडणीचा वास. सुट्टीच्या दिवशी बाबा मासळीबाजारात जायचे आणि सुरमई घेऊन यायचे. दारातूनच सांगायचे, "पंचवीस दिरहॅमला दिली. म्हणजे पावणेसहाशे रुपये झाले की!" जणू रुपयांत सांगितल्याशिवाय मासा शिजणारच नव्हता. आई थकून आली असेल त्या दिवशी पिठल्याबरोबर भाकरीऐवजी खबूस, म्हणजे बेकरीतली अरबी रोटी, असायचा. आत्याने पहिल्यांदा खाल्ला तेव्हा बराच वेळ चावत राहिली आणि म्हणाली, "वाईट नाही. पण याला स्वतःचं काही मत नाही." मी तेव्हा नुकतीच बारावी पास होऊन घरी बसले होते. बाबांना मी इंजिनिअर व्हायला हवी होते, मला काय व्हायचंय ते मला सांगता येत नव्हतं. मराठी मी बोलायचे, पण चिडले की इंग्रजीत शिरायचे. लिहिलेलं मराठी वाचायला तर मला घाम फुटायचा. आत्याने यावर उपाय काढला. ती बोलायची आणि मी तिच्या लॅपटॉपवर टाइप करायचे. पहिल्या दिवशी मी कंटाळून म्हटलं, "आत्या, धिस इज टॉर्चर." ती शांतपणे म्हणाली, "हेच वाक्य मराठीत म्हण, मग उठ." मला पटकन शब्द सुचेना. म्हणून बसून राहिले, आणि बसले ती बसलेच.

ती मला जे सांगत होती ते नाटक होतं. ऑगस्टा वेल्बी नावाच्या बाईवरचं. हे नाव तुम्ही ऐकलेलं नसणार, मीही ऐकलं नव्हतं. अमेरिकेत सिनेमाला अजून आवाज फुटलेला नव्हता, त्या काळात ही बाई एका स्टुडिओत टायपिस्ट म्हणून लागली. एकदा लेखक आजारी पडला, उद्याच्या शूटिंगला गोष्ट नव्हती, तर हिने एका दुपारी लिहून दिली. ती चालली. मग रोजचंच झालं. एका रिळाच्या गोष्टी, मग दोन रिळांच्या, मग मोठे सिनेमे. पाण्यात बुडणाऱ्या, घोड्यावरून पडणाऱ्या, खोट्या आरोपात सापडणाऱ्या नायिका. पडद्यावर मधेमधे येणाऱ्या संवादांच्या पाट्याही तीच लिहायची. तेव्हा हे काम करणाऱ्यांत बायका पुष्कळ होत्या, कारण सिनेमा हा धंदा आहे हे अजून पुरुषांना पटायचं होतं, असं आत्या म्हणायची. पुढे पटलं. स्टुडिओ मोठे झाले, सिनेमा बोलायला लागला, वर्तमानपत्रांतून आणि नाटकांतून मोठ्या पगाराचे लेखक आले. ऑगस्टाला सांगण्यात आलं, की तुम्ही कच्चं लिहून द्या, हे लोक ते नीट करतील. ज्या इमारतीत टायपिस्ट म्हणून शिरली, त्याच इमारतीत शेवटी दुसऱ्यांचं लिखाण टाइप करून ती बाहेर पडली. तिचे बहुतेक सिनेमे आता नाहीत. काही जळाले, काही फिल्ममधली चांदी काढण्यासाठी वितळवले. तिच्याबद्दल आत्याला एका जुन्या इंग्रजी पुस्तकात मोजून दोन पानं सापडली होती. बाकीचं तिने स्वतःच्या अनुभवावरून भरलं.

"तुला कसं माहीत तिला काय वाटलं असेल?" मी विचारलं.

"मला एकदा फोन आला होता," आत्या म्हणाली. "ताई, नायिकेला उद्यापासून कोमात टाका, तिचं खरं लग्न ठरलंय. मी टाकली. मग महिन्याने फोन, लग्न मोडलं, बाहेर काढा. काढली. दोन्ही वेळा अख्खा महाराष्ट्र रडला. आणि त्या मालिकेच्या पार्टीला मला बोलावायचं राहून गेलं. ऑगस्टाला काय वाटलं असेल हे मला पुस्तकात कशाला शोधायला हवं?"

नाटक पूर्ण झालं तेव्हा ते मराठी मंडळाच्या देवस्थळीकाकांकडे गेलं. देवस्थळी अबू धाबीला, अल रीम आयलंडवरच्या एका टॉवरमध्ये राहायचे. बांधकामाच्या मोठ्या कंपनीत वरच्या हुद्द्यावर होते आणि मंडळाची नाटकं बसवायचे. त्या वर्षी आखातातल्या मराठी मंडळांची एकांकिका स्पर्धा होती. त्यांनी एका बैठकीत नाटक वाचलं, डोळे पुसले, आत्याला वाकून नमस्कार केला. "ताई, कन्सेप्ट एक नंबर आहे," ते म्हणाले. "मी असं स्क्रिप्ट आखातात पाहिलेलं नाही. ऑगस्टाचा रोल आपली मनू करेल." मनू म्हणजे मी. परत येताना गाडीत मी खिडकीला डोकं टेकवून बसले होते आणि मला वाटत होतं, की काय व्हायचंय ते आता कळलं.

मग दर शनिवारी अजमान ते अबू धाबी अशा आमच्या वाऱ्या सुरू झाल्या. बाबा गाडी चालवायचे, आत्या पुढे, मी मागे. देवस्थळींच्या टॉवरमधल्या पार्टी हॉलमध्ये तालीम व्हायची. काचेच्या भिंतीपलीकडे स्विमिंग पूल, त्यात उड्या मारणारी पोरं, आणि आत आम्ही शंभर वर्षांपूर्वीची अमेरिका उभी करत असू. तिसऱ्या का चौथ्या तालमीला देवस्थळी म्हणाले, "ताई, एक छोटीशी सजेशन आहे. या बाईला नवरा द्या ना. ऑडियन्सला इमोशनल कनेक्ट लागतो." आत्या म्हणाली, "हो, देते की." पुढच्या शनिवारी नवरा आला. त्यानंतर नवरा दिग्दर्शक असावा असं ठरलं. मग त्या दिग्दर्शकाचं दुःख नाटकात यावं असं ठरलं, आणि ती भूमिका स्वतः देवस्थळी करतील असंही. त्यांना कुणी विचारायच्या आत ते म्हणाले, "यल्ला, चला, कुणीतरी करायलाच हवी." दर वेळी आत्या मान डोलवायची. घरी आल्यावर कुकर लावायची, मला लॅपटॉप उघडायला सांगायची आणि नवीन प्रसंग सांगायला लागायची. त्यात एक शब्द ढिला नसायचा. ज्या गोष्टीवर तिचा विश्वास नव्हता तीसुद्धा ती बेतून, घासून, नीट लिहायची. त्याचाच मला जास्त राग यायचा.

शेवटचा घाव अमेरिकेवर पडला. देवस्थळी म्हणाले, "ताई, अमेरिका कशाला? रिलेटेबल करू या. दुबईत आणू या. जाहिरातींच्या फिल्म करणारा एक मराठी डिरेक्टर, आणि त्याची सेक्रेटरी आशा. थोडी कॉमेडी. मूकपटाचा एक छोटा सीन ठेवू, आठवण म्हणून." हॉलमधले सगळे हसले. मी आत्याकडे पाहिलं. ती पर्समध्ये चष्म्याचं घर शोधत होती. "चालेल," ती म्हणाली. "बघते."

त्या दिवशी घरी पोहोचल्यावर मी लॅपटॉप उघडला नाही. आई ओट्याशी मेथी निवडत होती. मी म्हटलं, "मी टाइप करणार नाही. हाऊ कॅन यू डू धिस? तूच म्हणायचीस ना, ऑगस्टाला असंच खोडलं म्हणून? आता तू स्वतःच तिला खोडतेयस."

"मराठीत बोल," आत्या म्हणाली.

"तू नाही का म्हणत नाहीस?" मी ओरडलेच. "एकदा तरी. एकदा म्हण ना, की नाही बदलणार."

आत्याने कुकर धुवायला घेतला. आईनेच मेथीची जुडी खाली ठेवली. "मनू, बस इथे," ती म्हणाली. मग तिने जे सांगितलं, ते मला आधी कुणी सांगितलं नव्हतं. बाबांच्या फॅक्टरीत माणसं कमी करणं चालू होतं. बाबांच्या खात्यातले दोघे गेले होते. इथे नोकरी गेली की व्हिसा जातो, आणि व्हिसा गेला की घर, शाळा, कपाटं, सगळं गुंडाळून निघावं लागतं. देवस्थळींनी बाबांचा सीव्ही मागून घेतला होता. अबू धाबीच्या त्यांच्या कंपनीत प्लॅनिंगला जागा होती. "इन्शाल्ला, करून टाकू," असं ते प्रत्येक तालमीनंतर पार्किंगमध्ये बाबांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणायचे.

"तुझ्या बाबाने, श्रीने, मला काही सांगितलेलं नाही," आत्या म्हणाली. "मला तुझ्या आईने सांगितलं. आणि मी काही उपकार करत नाहीये. मला हे येतं. दुसऱ्याला हवं तसं लिहून द्यायचं, हे मी आयुष्यभर केलंय. मग एकदा भावासाठी केलं तर बिघडलं कुठे? उघड ते."

मी उघडला. आजही मला नक्की सांगता येणार नाही, की त्या क्षणी मला कुणाचा राग येत होता. देवस्थळींचा म्हणावा, तर ते वाईट माणूस नव्हते. माझ्या वाढदिवसाला आठवणीने केक आणायचे. त्यांना मनापासून वाटायचं, की नाटक सुधारतंय. आता मी स्वतः लिहून पोट भरते आणि असे देवस्थळी मला दर वर्षी दोन-तीन भेटतात. सगळे प्रेमळ. लबाड माणसाशी भांडता येतं, प्रेमळ माणसाशी कशावरून भांडायचं तेच कळत नाही.

स्पर्धा दुपारची होती. आमच्या प्रयोगाला लोक खूप हसले. मी आशा झाले होते. मला फोन उचलायचा होता, कॉफी सांडायची होती आणि शेवटी "सर, तुमच्यामुळेच मी घडले," असं म्हणायचं होतं. मी ते म्हटलं. टाळ्या पडल्या. विंगेतून मला पहिल्या रांगेतली आत्या दिसत होती. ती टाळ्या वाजवत होती. प्रत्येक चांगल्या घेतलेल्या विनोदाला ती अगदी जाणकारासारखी मान हलवत होती, जणू दुसऱ्या कुणाचं नाटक पाहायला आली आहे. कार्यक्रमपत्रिका मला नंतर दिसली. लेखन आणि दिग्दर्शन देवस्थळींचं होतं. आत्याचं नाव आभारांत होतं, हॉलची साफसफाई करणाऱ्या कंपनीच्या वर.

निकाल संध्याकाळी लागला. लेखनाचं पहिलं बक्षीस आम्हाला. देवस्थळी मंचावर गेले, ट्रॉफी घेतली, आणि मोठ्या मनाने म्हणाले, "या संहितेला ज्यांचा ज्येष्ठ आशीर्वाद लाभला, त्या शालनताईंनी दोन शब्द बोलावेत." आत्याने बाबांकडे पाहिलं. बाबा हसून म्हणाले, "जा ना." ती साडीचा पदर सावरत जिन्यावरून हळू वर गेली. माइक तिच्या उंचीला जास्त होता, तो कुणीतरी खाली करून दिला.

"नमस्कार," ती म्हणाली. "बक्षीस योग्य माणसाला मिळालंय. हे नाटक देवस्थळींचंच आहे. यातली वाक्यं मी लिहिली, पण नाटक त्यांचं. मी जे लिहिलं होतं, ते एका बाईचं नाटक होतं. तिचं नाव ऑगस्टा वेल्बी. तिने सिनेमे लिहिले, खूप लिहिले. ते नाटक अजून झालेलं नाही. त्यामुळे त्याला बक्षीस मिळण्याचा प्रश्न येत नाही. एवढंच."

ती रागाने बोलली नाही. किराणा दुकानात हिशेब समजावून सांगावा तशी बोलली. सभागृहात आधी कुणालाच कळलं नाही की काय झालं. दोघा-तिघांनी टाळ्या वाजवायला हात उचलले आणि खाली घेतले. देवस्थळी ट्रॉफी छातीशी धरून हसत उभे होते, आणि ते हसू काढावं की ठेवावं हे त्यांना कळत नव्हतं. मला अतोनात आनंद झाला होता. तो फार टिकला नाही, कारण मला बाबांचा चेहरा दिसला.

परतीच्या वाटेवर दुबई मागे पडली. मग बाबा म्हणाले, "तुला आजचा एक दिवस गप्प बसता आलं नाही, शालन?"

"नाही आलं," आत्या म्हणाली. "मी ठरवलं होतं, श्री. सगळं बदलून दिलं. पत्रिकेवर नाव नव्हतं तेही चाललं. पण त्यांनी मला बोलायला बोलावलं. आणि बोलायला लावल्यावर मला दुसऱ्याचं वाक्य सुचेना."

"तुझं वाक्य झालं. माझं काय?"

आई मागच्या सीटवर माझा हात घट्ट धरून बसली होती.

देवस्थळींनी काही वाकडं केलं नाही. त्यांनी फक्त फोन उचलणं सोडलं. ती जागा खलास झाली, असं दुसऱ्याकडून कळलं. ती आधीच भरली होती की आमच्यासाठी रिकामी ठेवलेली होती, हे कधीच समजलं नाही. पुढे बाबांची नोकरी गेलीच. अजमानच्याच एका गोदामात त्यांना काम मिळालं, आधीपेक्षा कमी पगाराचं, आणि आम्ही जवळच लहान जागेत गेलो. आपण खरं बोलायचं आणि ते आपल्या माणसाला महागात पडायचं, हा हिशेब आत्याने कसा केला असेल कोण जाणे. तिने माफी मागितली नाही, समर्थनही केलं नाही. बाबा तिच्याशी बोलायचे ते एवढंच, "मीठ दे," "दार लाव." एकाच टेबलावर बसून दोघं भावंडं जेवायची आणि मध्ये आमटीची वाटी सरकवायला मी लागायचे. मला दोघांचाही संताप यायचा. तो काढायला जागा नव्हती, त्या घरात गॅलरीसुद्धा नव्हती.

आत्याचा व्हिजिट व्हिसा संपत आला, तेव्हा तिने तो पुन्हा वाढवायचा विषय काढला नाही. बाबा तिला सोडायला निघाले, कारण टॅक्सी करू असं म्हणायची कुणाची हिंमत झाली नाही. आई ड्यूटीवर होती. शारजाच्या रस्त्यावर नेहमीसारखा ट्रॅफिक होता, गाडी मुंगीच्या पावलाने सरकत होती. आत्या काचेतून बाहेर बघत होती. अचानक बाबांनी समोरच्या ट्रकवरची नजर न काढता विचारलं, "ती तुझी अमेरिकन बाई. तिचं नाटक म्हणजे नक्की काय होतं?"

मी मागे ताठ बसले. इतके महिने तालमींना ने-आण करूनही बाबांनी ते नाटक वाचलं नव्हतं, ऐकलं नव्हतं. तालीम चालू असताना ते पार्किंगमध्ये गाडीत झोपायचे.

आत्याने आधी त्यांच्याकडे नीट पाहून घेतलं, थट्टा तर नाही ना म्हणून. मग सांगायला लागली. स्टुडिओतला एक लांब कॉरिडॉर. त्यात एक बाक. ऑगस्टाला साहेबाने बोलावलंय, ती सकाळपासून बाकावर बसून आहे. तिला माहीत आहे, की आज आपल्याला काढणार. साहेब काही बोलवत नाही. पण येणारा-जाणारा तिच्यापाशी थांबतो. एक म्हणतो, माझी नायिका खोलीत अडकलीय, तिला बाहेर कशी काढू? ऑगस्टा सांगते. दुसरा म्हणतो, हे दोघे भांडलेत, यांना परत एकत्र कसं आणू? ऑगस्टा सांगते. नवे, मोठ्या पगाराचे लेखकसुद्धा हळूच येऊन विचारून जातात. दिवसभर ती त्या बाकावरून सगळ्यांच्या गोष्टी सोडवत राहते.

"आणि तिची?" बाबा म्हणाले.

"थांब ना. संध्याकाळी साहेब टोपी घालून बाहेर येतो आणि म्हणतो, अरे, तुम्ही अजून इथेच? तो विसरूनच गेलेला असतो. ती विचारते, उद्या येऊ का? तो म्हणतो, उद्या यायची गरज नाही."

"मग?"

तेवढ्यात विमानतळ आला. बॅग उतरवणं, पासपोर्ट, कुकरवरून काउंटरवर झालेली थोडी वादावादी, यात वेळ गेला. आत्याने मला जवळ घेतलं. बाबांच्या दंडावर हात ठेवला आणि म्हणाली, "शेवट मनू सांगेल. तिला पाठ आहे." मग ती आत गेली. बाबा काचेपाशी उभे राहिले, ती दिसेनाशी होईपर्यंत.

गाडीत बसल्यावर त्यांनी चावी फिरवली, एसी लावला, पण गाडी काढली नाही. "हं," ते म्हणाले.

मी सांगितलं. मराठीत सांगितलं, अडखळत. ऑगस्टा घरी जायला ट्रामच्या थांब्यावर येते. समोरच्या थिएटरातून खेळ सुटतो. एक अनोळखी बाई डोळे पुसत तिच्या शेजारी येऊन उभी राहते. तिला कुणाला तरी सांगितल्यावाचून राहवत नाही, म्हणून ती नुकत्याच पाहिलेल्या सिनेमाची गोष्ट ऑगस्टाला सांगायला लागते. तो ऑगस्टाचाच सिनेमा असतो. बाई काही ठिकाणी चुकते, काही विसरते. ट्राम येते आणि जाते. ऑगस्टा ती सोडते. मी लिहिलाय, असं ती म्हणत नाही. ती फक्त विचारते, "मग पुढे काय झालं?" आणि बाई सांगत राहते. पडदा.

बाबा स्टिअरिंगवर दोन्ही हात ठेवून बसले होते. मागच्या गाडीने जागा हवी म्हणून हॉर्न दिला, तरी हलले नाहीत.

"एवढं साधं होतं," ते शेवटी म्हणाले. "हे मला कळलं, मनू. मला नाटकातलं काही कळत नाही, तरी कळलं. मग त्यात बदलायचं काय होतं?"

मी म्हटलं, "माहीत नाही, बाबा."